डायनासोर शहरात आला. पण त्याला आणले कोणी?

'ज्युरासिक' चित्रपटमालेतील बेटे, शहरे आणि कुंपणे यांचा मागोवा. वसईकरांनी २०२४ मध्ये अनुभवलेल्या बिबट्याच्या मुक्कामाशी या काल्पनिक कथांचे काही नाते आहे काय?

(नंदाखाल वार्ताहराकडून)

स्टीव्हन स्पिलबर्ग यांचा 'ज्युरासिक पार्क' १९९३ मध्ये अमेरिकेत प्रदर्शित झाला. हिंदीत डब होऊन १९९४ मध्ये तो भारतात आला आणि त्याच्या यशाने हॉलिवूडच्या चित्रपटांना हिंदी डबिंगची वाट मोकळी करून दिली. तेव्हापासून २०२५ च्या 'ज्युरासिक वर्ल्ड : रिबर्थ'पर्यंत या मालेचे सात चित्रपट झाले. डायनासोर खरे वाटतात की नाहीत, कोणता किती मोठा, कोणाचे दात किती लांब, यावर पुष्कळ चर्चा झाली. हे प्राणी ज्या जागी वावरतात त्या जागांची चर्चा मात्र फारशी होत नाही. वास्तविक या मालेचे मर्म प्राण्यापेक्षा जागेत अधिक आहे. प्राणी कुंपणाच्या आत असतो तोवर ती सहल असते. तोच प्राणी पेट्रोल पंपापाशी येऊन उभा राहिला की ती आपत्ती ठरते. या दोन अवस्थांमधील अंतर कोण पार करतो, प्राणी की माणूस, हा सातही चित्रपटांचा खरा प्रश्न आहे.

बेट कशासाठी?

मायकेल क्रायटन यांच्या १९९० च्या कादंबरीत आणि त्यावरील चित्रपटात कथा घडते ती 'इस्ला नुब्लार' या कोस्टा रिकाजवळच्या काल्पनिक बेटावर. बेट निवडण्यामागे साधा हिशेब आहे. चहूबाजूंनी समुद्र असला की ते निसर्गाचे कुंपण होते. त्याच्या आत विजेच्या तारांचे दुसरे कुंपण आणि त्याच्याही आत, सर्व प्राणी माद्याच जन्माला घालण्याचे, म्हणजे वंशवाढ रोखण्याचे तिसरे कुंपण. कथा पुढे सरकते ती ही तिन्ही कुंपणे एकामागून एक ढासळल्यामुळे. विशेष म्हणजे विजेचे कुंपण प्राणी तोडत नाही. पैशाच्या लोभाने एक संगणकतज्ज्ञ ते बंद करतो. प्राणी फक्त उघड्या वाटेने बाहेर येतो.

चित्रीकरणासाठी निवडले गेले ते हवाई द्वीपसमूहातील कवाई बेट. सप्टेंबर १९९२ मध्ये चित्रीकरण सुरू असतानाच 'इनिकी' हे चक्रीवादळ त्या बेटावर आदळले होते. कवाईचे हिरवे उभे कडे आणि त्यांवरून कोसळणारे धबधबे पाहताना मराठी प्रेक्षकाला पावसाळ्यातील माळशेज किंवा नाणेघाट आठवला, तर त्यात नवल नाही. दोन्हीकडचा पाषाण एकाच जातीचा, लाव्हा थिजून झालेला काळा बेसॉल्ट आहे. फरक वयाचा आहे. कवाई बेट जेमतेम पन्नास लाख वर्षांचे आहे, तर डायनासोर नाहीसे होऊन साडेसहा कोटींहून अधिक वर्षे लोटली. ज्या भूमीला जगभरच्या प्रेक्षकांनी डायनासोरांची भूमी मानले, तिच्यावर डायनासोरने कधी पाऊलच ठेवलेले नाही.

पहिल्या चित्रपटात शहर जवळजवळ नाहीच. जे थोडेसे आहे तेही चुकले आहे. संगणकतज्ज्ञाला लाच दिली जाते त्या दृश्यावर 'सान होजे, कोस्टा रिका' अशी अक्षरे उमटतात आणि मागे समुद्रकिनारा दिसतो. प्रत्यक्षात सान होजे ही कोस्टा रिकाची राजधानी देशाच्या अंतर्भागात, डोंगरांमधील खोऱ्यात वसलेली आहे. तेथे समुद्र नाही. हॉलिवूडच्या लेखी उष्ण कटिबंधातील कोणतेही गाव म्हणजे माडांची रांग आणि किनारा, याचा हा पुरावाच म्हणावा लागेल.

अंधार, पाऊस आणि पडदा

डायनासोर बेटावर ठेवण्यामागे आणखी एक कारण होते, ते तंत्राचे. दोन तासांहून थोड्या अधिक लांबीच्या पहिल्या चित्रपटात डायनासोर प्रत्यक्ष पडद्यावर दिसतात ती मिनिटे पंधराच्या आसपास आहेत आणि त्यांतीलही निम्म्याहून कमी वेळ संगणकाने घडवलेल्या प्रतिमांचा आहे. उरलेले काम यंत्रावर चालणाऱ्या पुतळ्यांनी केले. टायरॅनोसॉरस कुंपण ओलांडून मोटारींवर चालून येतो ते गाजलेले दृश्य स्टुडिओच्या बंदिस्त दालनात, कृत्रिम पावसात चित्रित झाले. रात्र, पाऊस आणि झाडी यांमुळे भीती वाढते, हे खरे; परंतु त्याच तिन्ही गोष्टींमुळे तंत्रातील उणिवाही झाकल्या जातात.

शहरात ही सोय नसते. रस्त्यावरचा दिवा, बस, टपालपेटी, दुकानाची पाटी यांची मापे प्रत्येक प्रेक्षकाला पाठ असतात. जंगलातील झाड वीस फुटांचे की साठ फुटांचे, हे कोणी मोजत नाही. बसशेजारी उभा राहिलेला प्राणी मात्र बसच्या मापानेच मोजला जातो. प्रमाण जरा चुकले की फसवणूक उघडी पडते आणि बरोबर साधले की तीच भीती दुप्पट होते, कारण ती बस आपण रोज पकडतो. शहरातील दृश्ये कमी का आणि आहेत ती लक्षात का राहतात, या दोन्ही प्रश्नांचे उत्तर यातच आहे.

सान दिएगोची रात्र

मालेतील पहिला खरा नागरी प्रसंग येतो तो १९९७ च्या 'द लॉस्ट वर्ल्ड'च्या अखेरीस. क्रायटन यांच्या दुसऱ्या कादंबरीत तो नाही; चित्रपटकर्त्यांनी तो नव्याने रचला. 'इस्ला सोर्ना' या दुसऱ्या बेटावरून पकडून आणलेला टायरॅनोसॉरस घेऊन एक जहाज अमेरिकेतील सान दिएगो बंदरात येते आणि न थांबता धक्क्यावर आदळते. जहाजावरील माणसे मेलेली असतात. तळघराचे दार उघडते आणि प्राणी शहरात शिरतो.

त्यानंतर तो जे करतो ते एखाद्या वाट चुकलेल्या जनावरासारखे आहे. एका घराच्या परसातील तरणतलावात तो पाणी पितो. खिडकीत उभा असलेला लहान मुलगा आई-वडिलांना उठवतो. ते पाहतात तेव्हा प्राण्याच्या जबड्यातून कुत्र्याचे घरटे साखळीने लोंबत असते. पुढे एक बस व्हिडिओ कॅसेटच्या दुकानात घुसते, पेट्रोल पंपावरील भलामोठा गोल फलक रस्त्यावरून गडगडत जातो. पळणाऱ्या गर्दीत काही जपानी पर्यटकही दिसतात. ही १९५४ च्या 'गोजिरा'ला, म्हणजे टोकियो तुडवणाऱ्या गॉडझिलाला दिलेली गमतीदार दाद होती. जहाजाचे नाव 'व्हेंचर' ठेवण्यामागेही अशीच आठवण आहे. १९३३ च्या 'किंग काँग'मधील जहाजाचे नाव हेच होते.

ही परंपरा आणखी मागे जाते. आर्थर कॉनन डॉयल यांच्या १९१२ च्या 'द लॉस्ट वर्ल्ड' या कादंबरीत लंडनमध्ये आणलेला एक उडता सरीसृप सभागृहातून निसटतो. तिच्यावरील १९२५ च्या मूकपटात त्याच्या जागी अजस्र ब्रॉन्टोसॉरस आला. तो लंडनचे रस्ते तुडवत टेम्स नदीवरील पुलापर्यंत पोहोचतो आणि पूल मोडून पाण्यात पडतो. तिन्ही कथांतील समान सूत्र लक्षात घेण्याजोगे आहे. लंडनमधील ब्रॉन्टोसॉरस, न्यूयॉर्कमधील काँग आणि सान दिएगोमधील टायरॅनोसॉरस यांपैकी एकही आपण होऊन शहरात आलेला नाही. तिघांनाही माणसांनी, लोकांना दाखवण्यासाठी, जहाजात घालून आणले.

सान दिएगोच्या प्रसंगात हे सूत्र अधिकच स्पष्ट आहे. कंपनीने टायरॅनोसॉरसचे पिल्लू आधीच शहरात आणून ठेवलेले असते. मोठा प्राणी शहरभर हिंडतो आणि अखेर जहाजावर परततो तो त्या पिल्लामागेच. गोळ्या घालून हा प्रश्न सुटत नाही. पिल्लू पुन्हा जहाजावर नेऊन ठेवल्यावर सुटतो. चित्रपटाचा शेवट उद्यानाचा मूळ मालक हॅमंड याच्या दूरचित्रवाणीवरील निवेदनाने होतो आणि त्याचा आशय एवढाच, की या प्राण्यांना वाचवायचे असेल तर माणसाने त्यांच्यापासून दूर राहावे.

या प्रसंगातील एक विनोद चित्रपटाबाहेरचा आहे. सान दिएगो म्हणून जे रस्ते दिसतात त्यांपैकी बहुतेक सान दिएगोतील नाहीत. ते लॉस एंजेलिसलगतच्या बरबँक येथील आहेत.

बाजारपेठ, व्हॅलेटा आणि ब्रुकलिन

तिसरा चित्रपट (२००१) पुन्हा बेटावरच राहिला. २०१५ च्या 'ज्युरासिक वर्ल्ड'ने मात्र वेगळी युक्ती केली. प्राणी शहरात आणण्याऐवजी त्याने शहरच बेटावर नेले. आपल्या इरफान खानने रंगवलेल्या सायमन मसरानीच्या मालकीच्या या उद्यानात दुकाने, उपाहारगृहे आणि नामांकित कंपन्यांच्या पाट्या असलेली एक लांबलचक बाजारपेठ आहे. उडते सरीसृप फुटलेल्या पिंजऱ्यातून सुटून या गर्दीवर झडप घालतात तेव्हा प्रेक्षकाला एखाद्या मॉलवर हल्ला झाल्यासारखे वाटते. या बाजारपेठेचे नेपथ्य उभारले गेले ते न्यू ऑर्लिन्समधील एका बंद पडलेल्या मनोरंजन उद्यानाच्या आवारात. ते उद्यान २००५ च्या कतरिना वादळातील पुरात बुडाले आणि पुन्हा कधीच सुरू झाले नाही. निसर्गापुढे हरलेल्या उद्यानाचा चित्रपट, निसर्गापुढे खरोखर हरलेल्या उद्यानात चित्रित व्हावा, हा योगायोग विलक्षण आहे.

'फॉलन किंग्डम'मध्ये (२०१८) ज्वालामुखीच्या उद्रेकात बेटच नष्ट होते. वाचवलेले प्राणी कॅलिफोर्नियातील एका हवेलीच्या तळघरात लिलावाला काढले जातात आणि शेवटी मोकळे सुटतात. अखेरच्या काही दृश्यांत टायरॅनोसॉरस प्राणिसंग्रहालयातील सिंहासमोर उभा राहतो आणि रॅप्टर टेकडीवरून खालच्या वसाहतीतील एकसारख्या घरांकडे पाहतो. आता मानव आणि डायनासोर एकत्र कसे राहणार, ही उत्सुकता येथे शिगेला पोहोचते.

'डोमिनियन'ने (२०२२) या उत्सुकतेला न्याय दिला, असे म्हणता येत नाही. चित्रपटाचा मोठा भाग पुन्हा एका बंदिस्त खोऱ्यात, कंपनीच्या राखीव क्षेत्रात घडतो आणि कथेचा भार डायनासोरांऐवजी राक्षसी टोळांवर पडतो. शहराचा अनुभव मिळतो तो फक्त माल्टा देशातील व्हॅलेटाच्या पाठलागात. सोळाव्या शतकात वसवलेली ही तटबंदीची नगरी, तिच्या अरुंद गल्ल्या, दगडी जिने आणि लाकडी सज्जे यांतून रॅप्टर धावतात. वसईच्या प्रेक्षकाला हे दृश्य अनोळखी वाटू नये. समुद्राकाठचे बुरूज, किल्ल्याच्या आतील चर्च, दगडी कमानी हे सारे वसई किल्ल्यातही आहे. आपल्या किल्ल्याला चित्रपटांचे वावडे नाहीच; 'कोल्डप्ले' या ब्रिटिश वाद्यवृंदाच्या २०१६ मधील गाण्यातही तो जगाने पाहिला. व्हॅलेटातील रॅप्टरही स्वेच्छेने आलेले नाहीत. ते तस्करांनी बाजारात आणलेले, माणसाच्या इशाऱ्यावर शिकार करायला शिकवलेले आहेत.

'रिबर्थ'ने (२०२५) तर माघारच घेतली. आजचे हवामान डायनासोरांना मानवत नाही, विषुववृत्तालगतचा पट्टा सोडला तर ते सगळीकडे मरत आहेत, असे तेथे सांगितले आहे. न्यूयॉर्कमध्ये एक आजारी, लांब मानेचा डायनासोर रस्त्याकडेला पडलेला दिसतो आणि त्यामुळे वाहतूक खोळंबते. मोटारीतील माणसांना भीती वाटत नाही. त्यांना उशीर होतो म्हणून त्रास होतो, इतकेच. संपूर्ण मालेतील हा कदाचित सर्वांत खरा नागरी प्रसंग असावा. शहराला आश्चर्याचीही सवय होते आणि सवय झाली की आश्चर्य म्हणजे वाहतुकीतला अडथळा उरतो.

आपल्या पायाखाली काय?

चित्रपटांच्या निमित्ताने एक प्रश्न हमखास विचारला जातो, तो म्हणजे आपल्याकडे डायनासोर होते काय? महाराष्ट्रात होते आणि अस्सल ज्युरासिक काळातीलही होते. पहिल्या चित्रपटातील टायरॅनोसॉरस, व्हेलॉसिरॅप्टर, ट्रायसेराटॉप्स हे तारे वास्तविक नंतरच्या क्रिटेशस काळातील आहेत. याउलट गडचिरोली जिल्ह्यातील सिरोंचा तालुक्यात पोचमपल्लीजवळ मिळालेला 'बारापासॉरस टागोरी' हा ज्युरासिक काळाच्या पूर्वार्धातील आहे. कोलकात्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेतील शास्त्रज्ञांनी १९६० च्या दशकाच्या आरंभी त्याची शेकडो हाडे खणून काढली. रवींद्रनाथ टागोरांच्या जन्मशताब्दीची आठवण म्हणून त्याला त्यांचे नाव मिळाले आणि १९७५ मध्ये त्याचे शास्त्रीय वर्णन प्रसिद्ध झाले. त्याचा उभारलेला सांगाडा कोलकात्यातील त्याच संस्थेत आहे. चंद्रपूर जिल्ह्यातील डोंगरगाव येथे मिळालेल्या 'आयसिसॉरस' या क्रिटेशस काळातील डायनासोरच्या नावातही याच संस्थेची इंग्रजी आद्याक्षरे गुंफली आहेत.

वसई-विरारमध्ये मात्र कोणी हाडे शोधू नयेत. तुंगारेश्वराचे डोंगर दख्खनच्या लाव्हाचे आहेत. मुंबई परिसरातील काही खडक, उदाहरणार्थ अंधेरीची गिल्बर्ट हिल, अलीकडच्या कालमापनानुसार डायनासोर नाहीसे झाल्यानंतरचे ठरले आहेत. आपल्या भागात मोठ्या श्वापदाची गोष्ट सांगायची तर ती भूतकाळात नव्हे, वर्तमानात सापडते.

वसईचा बिबट्या, जुन्नरचा धडा

मार्च २०२४ च्या अखेरीस वसई किल्ल्याच्या परिसरात बिबट्या दिसला. वनविभागाने पिंजरे आणि कॅमेरे लावले. एप्रिलमध्ये तो जेरबंद होईपर्यंत साडेतीन आठवड्यांच्या आसपास किल्ल्यात आणि आजूबाजूच्या वस्त्यांत दुसरा विषय नव्हता. पडक्या भिंती, वाढलेली झाडी, रात्रीचा अंधार आणि कधीतरीच दिसणारा प्राणी, असे एखाद्या चित्रपटाला शोभेल असे सारे होते. 'जंगलातला प्राणी शहरात घुसला' हे वाक्य त्या दिवसांत सर्रास ऐकू येत होते. 'ज्युरासिक' चित्रपट लक्षपूर्वक पाहिलेल्याला हे वाक्य अपुरे वाटावे.

याचे उत्तर आपल्याच राज्यातील अभ्यासाने दिले आहे. पुणे जिल्ह्यातील जुन्नर परिसरात उसाचे क्षेत्र वाढले, तसे बिबटे उसात राहू लागले. २००१ नंतर त्यांना पकडून दूरच्या जंगलांत सोडण्याची मोहीम झाली. हेतू लोकांच्या रक्षणाचाच होता. वन्यजीव अभ्यासक विद्या अत्रेय आणि सहकाऱ्यांनी २०११ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासातून मात्र उलटे चित्र समोर आले. १९९३ ते २००१ या काळात माणसांवरील हल्ले वर्षाला सरासरी ४ होते. मोहीम सुरू झाल्यावर २००१ ते २००३ या काळात ते वर्षाला सरासरी १७ झाले. अनोळखी मुलखात सोडलेला, पिंजऱ्याचा ताण सोसलेला, माणसांच्या सहवासाला सरावलेला प्राणी अधिक धोकादायक ठरला असावा, असे अभ्यासकांनी सुचवले. सान दिएगोच्या बंदरावर जे घडते त्याचीच ही खरीखुरी आवृत्ती म्हणावी लागेल. प्राणी हलवणे म्हणजे प्रश्न हलवणे; तो सुटतोच असे नाही.

याच अभ्यासकांच्या २०१३ मधील दुसऱ्या अभ्यासाने कुंपणाची कल्पनाच मोडीत काढली. तेव्हाच्या अहमदनगर, आताच्या अहिल्यानगर जिल्ह्यातील अकोले तालुक्यातल्या अभ्यासलेल्या भागात जंगल जवळपास नाही आणि दर चौरस किलोमीटरला तीनशेहून अधिक माणसे राहतात. तरीही तेथील शेतीच्या पट्ट्यात दर शंभर चौरस किलोमीटरमागे सुमारे पाच बिबटे आढळले. ते कोठून 'घुसलेले' नव्हते. ते तेथेच राहत होते, रात्री फिरत होते आणि बहुसंख्य लोकांना त्यांचा पत्ताही नव्हता.

वसईलाही हे लागू पडते. पूर्वेला २००३ मध्ये घोषित झालेले, सुमारे ८५ चौरस किलोमीटरचे तुंगारेश्वर अभयारण्य आहे. खाडीपलीकडे संजय गांधी राष्ट्रीय उद्यान आहे. पश्चिमेला नंदाखाल, आगाशी, निर्मळपर्यंत केळी, फुले आणि भाजीपाल्याच्या वाड्यांचा हरित पट्टा आहे. या दोहोंच्या मध्ये महामार्ग, रेल्वे आणि गेल्या तीन-चार दशकांत उभी राहिलेली इमारतींची भिंत आहे. नकाशावर शहर आणि जंगल यांच्यामध्ये रेषा ओढता येते. ती रेषा रोज पुढे सरकते आहे आणि तिला सरकवणारा प्राणी बिबट्या नव्हे.

बिबट्याला घाबरणे चुकीचे, असा याचा अर्थ नाही. ज्या घरातील लहान मूल अंगणात खेळते त्या घराला शास्त्रीय सरासरी पुरेशी नसते. भीतीला दिशा मात्र असावी. रस्त्यांवर दिवे असावेत, कचऱ्याचे ढीग आणि त्यांवर वाढणारी भटक्या कुत्र्यांची संख्या आटोक्यात यावी, तिन्हीसांजेनंतर मुलांना एकटे सोडू नये, प्राणी दिसल्यास गर्दी न करता वनविभागाला कळवावे, हे उपाय पिंजऱ्याइतके नाट्यमय नाहीत. त्यांवर चित्रपटही निघणार नाही. उपयोगी मात्र हेच आहेत.

सात चित्रपट, बत्तीस वर्षे आणि अब्जावधींची उलाढाल यांनंतर या मालेतील शहरांच्या वाट्याला येतात ती पडद्यावरची मोजकी मिनिटे. त्या मिनिटांत बस दुकानात घुसते, लोक पळतात. टाळ्या मिळतात त्या प्राण्याला. दार कोणी उघडले, हे त्या गोंधळात बहुतेकांच्या ध्यानात राहत नाही. पुढल्या खेपेस पडद्यावर डायनासोर किंवा बातमीत बिबट्या आला, तर पहिला प्रश्न त्या दाराविषयी विचारायला हवा.